पडद्यावर न गेलेली बोली

दामू,

तुझ्या दहाव्याला प्रवरेच्या वाळूत सोसायटीच्या चेअरमननी भाषण केलं. तू हयात असताना हा माणूस कधी आपल्या दारात दिसला नव्हता, पण ते असो. ते म्हणाले, "आपल्या नगर जिल्ह्याची रांगडी बोली दामूअण्णांनी थेट सिनेमाच्या पडद्यावर नेऊन बसवली." लोकांनी माना डोलावल्या. मी पदर तोंडाला लावला. बायकांना वाटलं, भावासाठी बाईंना रडू आवरेना. खरं तर मला हसू आवरत नव्हतं. पण ते हसू वाटून घ्यायला शेजारी तू नव्हतास, म्हणून शेवटी ते रडण्यावरच गेलं.

कारण मला ठाऊक आहे, तू एक शब्दही नेला नाहीस. पाटलाचा गडी झालास, न्हावी झालास, मुनीम, नवरीचा बाप, जत्रेतला दारुडा, सगळं झालास. पण आपल्या गावचा माणूस बोलतो तसं एक वाक्य तुझ्या तोंडून पडद्यावर आलं नाही. हे तुला ठाऊक होतं आणि मला. आता एकटीलाच ठाऊक आहे.

पिंडाला कावळा लगेच शिवला. सगळे म्हणाले, गुणी माणूस, काही इच्छा मागं ठेवली नाही. कावळ्याला काय कळतंय? या दुष्काळात तोही उपाशी. तुझी इच्छा काय राहिली ते मला विचारावं कुणीतरी.

पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे उभा राहिलास ती गोष्ट तू मला इतक्या वेळा सांगितलीस, की मीच तिथे उभी होते असं वाटतं. मॅट्रिकचा अभ्यास टाकून नाटक कंपनीबरोबर पळालास, कंपनी कोल्हापुरात बुडाली आणि तू तिथेच स्टुडिओच्या फाटकाशी बसून राहिलास. अखेर पोस्टमनचं काम मिळालं. काम काय, तर दाराची कडी वाजवायची, पत्र द्यायचं, दोन वाक्यं बोलायची. आणि तू कडी न वाजवता सरळ आत शिरलास, चूल मांडली होती तिथपर्यंत. नायिका दचकून उठली. डायरेक्टर ओरडले, "पोस्टमन आहेस का चोर?" आपला जन्म शिंगणापूरचा. आपल्याकडे घराला चौकट असते, दार नसतं. कडी वाजवायची सवय हाताला असणार कुठून? तू बापडा म्हणालास, "आमच्याकडं चोर नसतोय, साहेब, म्हणून कडी बी नसती." सगळा स्टुडिओ हसला म्हणे.

दुसऱ्यांदा कडी वाजवलीस, पण लिहून दिलेलं वाक्य घाबरून विसरलास आणि पोटातलं बाहेर आलं. "कव्हाचा हाका मारतोय, घरात कोनी हाय का न्हाई?" पुन्हा सगळं थांबलं. "कव्हा? हे कुठलं काढलंस? कवा म्हण, कवा." तिथल्या एका म्हाताऱ्या नटाने तुला जवळ घेतलं आणि मायेने शिकवलं. आलो नव्हे, आलुया म्हणायचं. बसलुया, जातुया. गेलो नव्हे, ग्येलो. वाक्य संपताना 'न्हवं' टाकायचं. हुशार होतास, आठवड्यात शिकलास. पुढे तर नवीन आलेल्यांना तूच शिकवायचास.

मी एकदा शिक्षकांच्या ट्रेनिंगला गेले होते, तिथे कोल्हापूरच्या एक शिक्षिका होत्या. त्यांना विचारलं, तुमच्याकडे खरंच असं बोलतात का हो? त्या म्हणाल्या, "थोडं बोलतात. पण इतकं ठसक्यात नाही. आम्हालाही ते सिनेमातलंच वाटतं." म्हणजे ज्या गावचा माणूस म्हणून तू जन्मभर बोललास, त्या गावाला ना शीव होती ना पाणवठा. हे मी तुला सांगितलं तेव्हा तू दोन दिवस माझ्याशी धड बोलला नाहीस.

बेलापूरच्या जत्रेत तंबूत तुझा सिनेमा लागला होता, आठवतं? तू नव्हतास, मी एकटी गेले होते. पाट्यांमध्ये तुझं नाव नव्हतं, 'आणि इतर' होतं, तेव्हा मी मनातल्या मनात तुझं नाव वाचलं. तू पडद्यावर आलास, नायकाच्या बैलांना वैरण टाकलीस आणि काहीतरी 'तुया-लुया' बोललास. पुढे बसलेला एक मुंडासंवाला शेजाऱ्याला म्हणाला, "ह्यो गडी कोल्हापूरकडचा हाय. आपल्याकडचा आसता तर आसा बोल्ला नसता." माझा स्वभाव तुला माहीत. मी अंधारातच त्याचा खांदा हलवला आणि म्हणाले, "तो माझा सख्खा भाऊ आहे. नेवासे तालुक्यातला आहे." त्याने वळून पाहिलं. "आसंल, बाई. पन तुमी बी पुन्याच्या वाटता." तेव्हा मला त्याचा राग आला होता. आता येत नाही.

त्याच सिनेमात पुढे एक जागा होती. मालक तुझ्यावर खोटा आळ घेतो आणि तू अंगणात उकिडवा बसून ऐकून घेतोस. तोंडातून शब्द नाही. एक काडी घेऊन जमीन उकरत बसलास, बस्स. दामू, ते आपले दादा होते, आपले वडील. आई गेली त्या दिवशी दादा असेच बसले होते, मी तुला कडेवर घेऊन चौकटीत उभी होते. तू तेव्हा दोन-अडीच वर्षांचा, तुला ते आठवणं शक्य नाही. तरी तुझ्या अंगात ते उतरलं होतं. जिथे तुला बोलायचं नसे तिथे तू आपला असायचास. हे मी तुला तोंडावर कधी म्हटलं नाही. म्हटलं, पोरगं शेफारेल. पन्नाशीला टेकलेलं पोरगं!

मग यंदा ते टेलिव्हिजनचं निघालं. मुंबईत रेडिओला चित्र आलंय एवढंच आम्हाला ठाऊक. तुला त्यात शेतकऱ्यांच्या कार्यक्रमासाठी बोलावलं. बी-बियाणाची माहिती सांगायची, पण दोन शेतकरी बांधावर बोलताहेत अशी. तुला काय, हातचा मळ. तू उभा राहिलास, बोललास, आणि तिथला चष्मेवाला तरुण साहेब म्हणाला, "हे सिनेमातलं झालं. तुम्ही नगरकडचे ना? मग तिकडचं बोला." तू पुन्हा बोललास. तो म्हणाला, "नाही हो, अजून सिनेमातलंच आहे." फार सभ्य होता म्हणे. म्हणाला, गावी जाऊन या, चार लोकांचं ऐकून या, मग बघू.

"आक्का," तू मला म्हणालास, "जल्मभर लोकांनी ते बोलू दिलं नाही, आणि आता कोणी दे म्हणतोय तर हातात काही नाही." एस.टी.तून उतरून तसाच आला होतास, हातपायही धुतले नव्हतेस. ओसरीवर बसलास आणि म्हणालास, "मला बोलायला शिकव."

मी हसले. हसायला नको होतं, पण ते वाक्यच तसं होतं. तुला पहिल्यांदा बोलायला मीच शिकवलं होतं.

दुसऱ्या दिवशी बाजार होता. तू सकाळीच टोपी घालून गेलास, म्हणालास, कान भरून आणतो. दुपारी आलास तो तोंड पाडून. झालं होतं असं, की तुला पाहिल्याबरोबर सगळा बाजार तुझ्याशी सिनेमातलं बोलायला लागला. चहावाला म्हणाला, "काय पावणं, कवा आलासा?" भाजीवालीने हात कमरेवर ठेवून "काय म्हंतुया कोल्हापूर?" विचारलं. बरोबरच आहे, मोठा माणूस गावात आला, तर त्याच्या भाषेत बोलावं ही आपल्या लोकांची रीत. एक-दोघे शिकलेले भेटले ते वर्तमानपत्रासारखं बोलले. तू चपला काढत म्हणालास, "माझ्यापुरतं बेलापूरचं कोल्हापूर झालंय, आक्का." मग तुझं तुलाच हसू आलं आणि आपण दोघं पोट धरून हसलो. तुझ्या आजारपणाआधीचं ते शेवटचं हसणं.

पलीकडच्या काशीबाईवर तुझी भिस्त होती. तिच्या आणि आपल्या घरात एकच मातीची भिंत, रोजचं देणंघेणं. ती बिचारी दिवसभर दुष्काळी कामावर खडी फोडून यायची आणि तू तिला म्हणायचास, "बाई, तू आपलं नेहमीचं बोल." झालं! तिची जीभच लुळी पडायची. "व्हय... नाही, हो. बोलते, सर." डोक्यावरचा पदर सावरून ती असं काही शुद्ध बोलायची, की माझ्या चौथीच्या पोरांनी शिकावं. तुझ्यासमोर तिने एकदाही तोंड मोकळं सोडलं नाही.

आणि मी? भांडण तिथेच तर झालं.

तू म्हणालास, "तू बोल माझ्याशी. आपण शिंगणापुरात बोलायचो तसं." मी तोंड उघडलं आणि माझ्या तोंडून मराठीच्या पुस्तकातला धडा निघाला. इतकी वर्षं पोरांच्या 'पानी'चं 'पाणी' आणि 'हाय'चं 'आहे' करत आले, मला तरी ते कुठून यावं? जे काही बोलले ते वगनाट्यातल्या मावशीसारखं वाटलं. तू चिडलास. म्हणालास, "स्टुडिओवाल्यांना कशाला दोष देऊ? पहिला रीटेक तूच घेतलास. दादा गेल्यावर मला इथं बेलापुरात आणलंस आणि पहिल्याच दिवशी शाळेत उभा करून म्हणालीस, हाय नाही, आहे म्हण."

मी पण ऐकून घेणारी नव्हे. म्हटलं, "म्हणाले. पुन्हा म्हणेन. मी शिकवलं नसतं तर तुला त्या कंपनीवाल्याने संवादांच्या नकला तरी वाचायला दिल्या असत्या का? विधवा बाई धाकट्या भावाला घेऊन परगावी राहते, तेव्हा लोक तिचं बोलणंच आधी तोलतात. मी नीट बोलले म्हणून टिकले." तू म्हणालास, "टिकलीस गं. पण आपण बोललो कधी?" मी भाकरी थापायला उठले. दामू, ते भांडण तिथेच राहिलं आहे. माझी बाजू मला अजून बरोबर वाटते, आणि तुझीही.

चार दिवसांनी तुझ्या छातीत दुखलं. श्रीरामपूरच्या डॉक्टरांनी अंथरुणावरून हलू नका म्हणून सांगितलं. पुढच्या खोलीत बाजेवर तू पडून असायचास आणि पाढे म्हणावेत तसं पुटपुटायचास, "हाय, न्हाई, व्हय." मी आतून ऐकायचे. शब्द बरोबर होते. पण चालीत कुठेतरी तो म्हातारा नट बसलेला होता. तुलाही ते कळायचं, तू मध्येच थांबायचास आणि कुशीवर वळायचास. एकदा म्हणालास, "मी बोलायला गेलो की दुसराच कोणीतरी बोलतो गं." मी पांघरूण सारखं केलं. मला तुझ्या दुखण्याची भीती होतीच, पण त्याहून एक वेगळी भीती होती. हा जाईल, आणि माझा दामू कसा बोलायचा ते मला पुन्हा ऐकायला मिळणार नाही. असला विचार आल्याबरोबर मी त्याला हाकलायचे, पण तो भिंतीवरच्या पालीसारखा जागा सोडायचा नाही.

शेवटच्या दुपारचं लोक मला विचारतात. काय बोलले दामूअण्णा, काही सांगून गेले का? मी सांगते, काही नाही, पाणी मागितलं. मला खरंच एवढंच आठवत होतं. रेशनवर मिलो आली होती, लाल ज्वारी. मी उन्हात रांगेत उभी राहून दमून आले होते, जराशी वैतागलेलीच. पिशवी टाकली, तुला पाणी दिलं, बाजेशी बसले. तू जरा बरा होतास. काहीतरी बोललो आपण, शेळीचा विषय निघाला होता. आई असताना एक शेळी होती, तिला घराला दार नाही हे फार आवडायचं, ती थेट चुलीपर्यंत यायची. तुला हे मीच कधीतरी सांगितलेलं. मग तुला झोप लागली. पहाटे तू नव्हतास.

मुंबईच्या साहेबाला मी निरोप धाडला, की दामू आता येऊ शकत नाही. कशासाठी येणार होता ते त्याला ठाऊकच होतं. घरात मी एकटी. शाळेला सुटी. दिवसभरात तोंडातून शब्द काढायचं कारण पडत नाही. परवा मी मोठ्याने "दामू" म्हणून पाहिलं, तर माझाच आवाज मला शाळेतल्या हजेरीसारखा वाटला.

आणि काल संध्याकाळी काशीबाई भाकरी घेऊन आली. माझ्या घरी अजून चूल नीट पेटत नाही हे तिला दिसतं. ताट ठेवून गेली नाही, उंबऱ्याशी रेंगाळली. म्हणाली, "बाई, एक इचारू का? राग न्हाई ना येनार?"

"विचार."

"सर गेले त्याच्या आदल्या दिशी दुपारी तुमच्याकडं पावनं आल्तं ना, गावाकडचं? एक बाप्या आन् एक बाई. ते मातीला बी दिसलं न्हाई आन् दहाव्याला बी न्हाई. म्हनलं, आसं कसं?"

मी म्हटलं, "कुणी आलं नव्हतं गं. मी होते आणि दामू होता."

"आवो, मी काय खोटं सांगते का? त्या दिशी मला बरं नव्हतं, मी कामाव गेल्ते न्हाई. भिताडामागं गवऱ्या लावत हुते. बाप्या म्हनला, 'कुढं गेल्ती गं आक्के, लई येळ केला.' बाई म्हनली, 'कुढं जानार, रांगंत उभी हुते. ज्वारी काय घरी चालत येती व्हय?' लई हसला त्यो. मंग म्हनला, 'पानी दे.' ती म्हनली, 'दमानं पी, ठसका लागंल.' मंग कोन्या शेळीचं काढलं त्यांनी. लई येळ बोलत हुते, आमच्यावानी, आगदी घरच्यावानी. मला बरं वाटलं. म्हनलं, सरांना गावाकडचं मानूस भेटाया आलं, आता करमंल त्यांना."

मी तिला पुन्हा सांगायला लावलं. मग आणखी एकदा. तिला वाटलं असेल, बाईंचं डोकं फिरलं. तिने तिन्ही वेळा तेच सांगितलं, 'कुढं गेल्ती'पासून 'ठसका लागंल'पर्यंत.

अरे, मी पानी ऐकलं आणि पानीच दिलं. टोकलं नाही. माझ्या कानाला काही लागलंच नाही, आणि तुझ्याही नाही. ज्यासाठी तू मुंबईहून आलास, बाजारभर फिरलास, माझ्याशी भांडलास, ते त्या दुपारी घरात येऊन बसलं होतं आणि आपल्या दोघांनाही त्याचा पत्ता नव्हता. तू ते सापडलं नाही असं समजूनच गेलास. मला कळलं ते तुझ्या दहाव्यानंतर, भिंतीपलीकडच्या बाईकडून. आता तुला कसं सांगू? आणि सांगायचं ठरवलं तरी कुठल्या बोलीत सांगू? ती एकटीने बोलता येत नाही, दामू. काल रात्रभर करून पाहिलं.

मी काशीबाईचं भांडं धुऊन दिलं. ती उठली, जायला निघाली, मग वळून म्हणाली, "मानसं चांगली वाटली हो. परत येनार हायत का ते?"

"न्हाई," मी म्हटलं.